कथेतल्या काळस्फटिकाला चुकू द्या

मा. संपादक यांस,
स.न.वि.वि.

विज्ञानकथांमधून परग्रहावरचा काळस्फटिक वरचेवर भेटतो. तो निळा चमकतो, हातात धरला की भूतकाळ दिसतो आणि तिथले लोक पिढ्यान्‌पिढ्या त्याची पूजा करतात. ही कल्पना आम्हाला मनापासून आवडते, म्हणूनच हे पत्र. लेखक या स्फटिकाकडून हवं ते करून घेतात आणि तिथेच कथेतला जीव जातो. जो कधी चुकतच नाही, त्याला कोण कशाला जपेल? मग पूजाही नुसती सजावट होऊन बसते.

वेळ पाळणारा खरा स्फटिक किती नाजूक असतो ते मनगटी घड्याळात दिसतं. आतला क्वार्ट्झचा तुकडा दोन पायांच्या चिमट्यासारखा कापलेला असतो आणि तो सेकंदाला 32,768 वेळा थरथरतो. ही संख्या म्हणजे 2 चा 15 वा घात. 15 वेळा निम्मी केली की 1 उरतो आणि सेकंदकाटा एक घर पुढे जातो. हा तुकडा मुद्दाम किंचित जड बनवतात. टोकांवर सोन्याचा पातळ थर असतो. लेझरने तो कणाकणाने उडवला की वजन घटतं, कंपनं वाढतात आणि नेमक्या आकड्यावर आली की थांबायचं. परग्रहावर हेच काम हाताने करणारं एखादं घराणं कल्पून पाहा. केव्हा थांबायचं हे ज्याला कळतं, त्याला त्या समाजात काय मान असेल!

आता तो चुकतो कसा ते पाहू. हा चिमटा साधारण 25 अंश सेल्सिअसला सर्वांत वेगाने चालतो. थंडी पडली तरी तो मागे पडतो आणि उकाडा झाला तरी मागेच पडतो. हे बऱ्याच लेखकांना ठाऊक नसतं. त्यांच्या कथांत स्फटिक उन्हात पुढे धावतो. 20 अंशांचा फरक पडला की दिवसाला सव्वा सेकंदाच्या आसपास, म्हणजे महिन्याला सुमारे 36 सेकंद चूक साचते. शिवाय पृष्ठभागावर काहीही चिकटलं, अगदी बोटाचा तेलकट ठसाही, तरी वजन वाढून कंपनं मंदावतात. म्हणून तो हवाबंद डबीत ठेवतात.

कथेतल्या संस्कृतीचं बीज इथेच आहे. स्फटिक गाभाऱ्यात का? तिथलं तापमान फारसं बदलत नाही म्हणून. त्याला शिवायचं का नाही? शिवलं तर काळ मंदावतो म्हणून. कारण विसरलं जातं आणि नियम तेवढा उरतो. आपली भाषाच पाहा ना: पाण्यावर तरंगणारं घटिकापात्र केव्हाच गेलं, पण ‘घटका भरली’ हे शब्द अजून आपल्या तोंडी आहेत.

स्फटिकाने काळ मोजण्याऐवजी साठवायचा असेल, तर आदर्श ठेवावा झिरकॉन या खनिजाचा. तयार होताना तो युरेनियम आत घेतो आणि शिसं बाहेर ठेवतो. पुढे आत सापडणारं शिसं जवळपास सगळं युरेनियमच्या क्षयातून, म्हणजे त्याचं आपोआप शिशात रूपांतर होऊन, आलेलं असतं. युरेनियम-238 निम्मं व्हायला 447 कोटी वर्षं लागतात, युरेनियम-235 ला सुमारे 70 कोटी. एकाच कणात दोन घड्याळं! दोघांचं उत्तर जुळलं नाही, तर बहुतेक वेळा शिसं झिरपून गेलेलं असतं, कारण किरणोत्सर्गाने स्फटिकाची घडण आतून मोडत जाते. जो काळ तो जपतो, तोच त्याला पोखरतो. भाकितं सांगणाऱ्या दहा स्फटिकांपेक्षा या एका दोषात जास्त नाट्य आहे. आणि परग्रहावरचा म्हणाल, तर 1969 मध्ये ऑस्ट्रेलियात पडलेल्या मर्चिसन अशनीत सिलिकॉन कार्बाइडचे सूर्याहूनही जुने कण सापडले आहेत. काहींचं वय 700 कोटी वर्षांच्या घरात जातं.

भौतिकशास्त्रातला ‘टाइम क्रिस्टल’, म्हणजे ज्याची स्थिती काळात ठरावीक अंतराने पुन्हा पुन्हा तशीच येते असा कणांचा समूह, ही आणखी वेगळी गोष्ट. फ्रँक विल्चेक यांनी ही कल्पना 2012 मध्ये मांडली. तिचं नंतर सुधारलेलं रूप 2017 मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसलं. त्यांतल्या एका प्रयोगात ठरावीक तालात धक्के दिले की कणांची एक साखळी दर दोन धक्क्यांनी मूळ स्थितीत येते आणि धक्का थोडा चुकला तरी आपला ताल सोडत नाही. मात्र तिच्यातून ऊर्जा काढता येत नाही. तिच्यावर यानं चालवणाऱ्या लेखकांनी एवढं तरी पाळावं.

चित्रकारांनाही एक विनंती. काळस्फटिक दर वेळी पैलू पाडलेल्या हिऱ्यासारखा काढू नका. क्वार्ट्झ नैसर्गिकरीत्या सहा बाजूंचा खांब होऊन वाढतो. कुठली बाजू रुंद, कुठली अरुंद होते, पण शेजारच्या दोन बाजूंमधला कोन 120 अंशच राहतो. निकोलस स्टेनो यांनी कोनांचा हा नियम 1669 मध्येच ओळखला होता. ओबडधोबड खांब काढा, कोन तेवढे बरोबर ठेवा.

आपले,
स्फटिक आणि कालमापनाचे काही अभ्यासक