डोळे चुरचुरतात ते नेहमी जागरणाने नव्हे

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

दिवसभराचे चित्रीकरण आटोपून घरी गेलेल्या नटाचे डोळे मध्यरात्री लाल होतात, पाणी गळते, पापणीखाली वाळू गेल्यासारखे खुपते. दोष जातो जागरणाला, नाहीतर मेकअपला. दिव्यावर संशय येत नाही, कारण अतिनील किरणांनी डोळा भाजला तरी त्रास बहुधा 6 ते 12 तासांनी सुरू होतो. तोवर दिवे गाडीत चढलेले असतात.

हा विकार जुनाच. मूकपटांच्या काळात कार्बन आर्क या प्रखर दिव्यांपुढे उभे राहणाऱ्या नटांमध्ये तो इतका दिसे की त्याला ‘क्लीग आइज’ असे नावच पडले. उपाय तेव्हाही साधा होता: दिव्यापुढे काच.

आज चित्रीकरणाला वापरतात त्या ‘एचएमआय’ या प्रखर दिव्याचा बल्ब क्वार्ट्झचा असतो. क्वार्ट्झमधून अतिनील किरण आरपार जातात. पुढची काच त्यांतले सर्वांत घातक किरण अडवते. म्हणून या काचेचे दार उघडताच दिवा बंद करणारा एक छोटा स्विच तिथे बसवलेला असतो. घोळ इथेच होतो. वाहतुकीत दार सैल होते, ऐन शॉटमध्ये दिवा विझतो आणि तापलेला एचएमआय पुष्कळदा काही मिनिटे पुन्हा पेटत नाही. सगळे युनिट खोळंबते. मग कोणीतरी तो स्विच चिकटपट्टीने कायमचा दाबून टाकतो. तडकलेल्या काचेलाही ‘आजचा दिवस निघेल’ हाच न्याय. जळत्या बल्बमध्ये प्रचंड दाब असतो. तो फुटलाच तर तुकडे अडवायलाही तीच काच असते. उघड्या हॅलोजनला लावतात ती जाळी तुकडे थोपवते, किरण नाही.

तेव्हा दिवा स्टँडवर चढवण्याआधी, वायर काढलेली असताना, टॉर्च मारून काच कडेकडेने पाहावी. दाराचा स्विच बोटाने दाबावा आणि सोडल्यावर तो परत बाहेर येतो का, ते पाहावे. पट्टी दिसली तर दिवा परत पाठवावा. बल्ब किती तास जळला याची वहीत नोंद ठेवावी आणि ठरलेले तास संपले की तो बदलावा. बदलताना उघड्या बोटांनी धरू नये. त्वचेचे तेल लागते, तापल्यावर नेमके तेथेच क्वार्ट्झ पांढरे पडून फुगते. हे हॅलोजनलाही लागू आहे, त्यामुळे नाटकवाल्यांनीही लक्षात ठेवावे.

आणखी एक सवय. प्रकाश कमी वाटला की दिवा पुढे सरकवायचा! 4 मीटरवरचा दिवा 2 मीटरवर आणला की प्रकाश साधारण चौपट होतो, काच नसेल तर अतिनीलही चौपट. तेवढाच फरक कॅमेऱ्याचा आयएसओ (प्रकाशाला असलेली संवेदनशीलता) 800 वरून 3200 करून मिळतो. चित्रात थोडे दाणे येतात, एवढेच.

– प्रकाशयोजनेचे काम करणारे काही तंत्रज्ञ