गाविलगड लांबूनच दाखवल्याबद्दल

दिनांक : ११ ऑगस्ट २०२५

प्रति,
व्यवस्थापक,
अमरावती ते चिखलदरा एक दिवसीय सहल

विषय : ३ ऑगस्टच्या सहलीत कबूल केलेली ठिकाणं न दाखवल्याबद्दल आणि गाईडचे पैसे परत मिळण्याबद्दल.

महोदय,

मी अंजनगाव सुर्जी तालुक्यातल्या एका महिला बचत गटाची सचिव आहे. रविवारी, ३ ऑगस्टला, आमच्या गटाच्या १४ जणी तुमच्या गाडीनं चिखलदऱ्याला गेलो होतो. माणशी १,३५० प्रमाणे १८,९०० रुपये आगाऊ भरले. पावतीची आणि तुमच्या माहितीपत्रकाची झेरॉक्स सोबत जोडली आहे. गटाचा हिशेब मीच लिहिते, त्यामुळे वही त्या दिवशीही पिशवीत होती आणि कुठं किती वाजता पोचलो, किती वाजता निघालो हे मी गाडीतच टिपत गेले. म्हणून या पत्रातल्या वेळा अंदाजपंचे नाहीत.

चिखलदरा आम्हाला परका नाही. आमच्या शिवारातून उत्तरेला पाहिलं की सातपुड्याची निळी रेघ दिसते. निंदायला बसलं की दिवसभर तोंडासमोर तोच डोंगर. आमच्याकडून एसटीनं परतवाडा गाठायचा, तिथून वर जायला गाडी मिळते, आणि मार्च २०२३ पासून आम्हा बायांना एसटीत अर्धंच तिकीट लागतं. म्हणजे तुमच्या पैशाच्या चौथाईत जाऊन आलो असतो. तरी तुमच्याकडे आलो ते माहितीपत्रकावरच्या ‘अनुभवी गाईड’ या दोन शब्दांसाठी. गटातल्या निम्म्या बाया शेगाव आणि माहेर सोडून कुठं गेलेल्या नाहीत. कोणीतरी सोबत राहून दाखवावं, हे कोणी बांधलं, ते नाव कशावरून पडलं हे सांगावं, एवढी हौस होती. त्यासाठी वर्षभर महिन्याला वेगळे शंभर-सव्वाशे बाजूला काढले होते.

पहिली गोष्ट गाडीत चढण्याची. बुकिंग करताना फोनवरच्या तुमच्या माणसानं ‘परतवाड्याहून बसवून घेऊ’ असं सांगितलं होतं. शुक्रवारी संध्याकाळी त्याचाच फोन आला, की कंपनीच्या नियमात फक्त अमरावतीचं राजकमल चौक बसतं, परतवाड्याला गाडी थांबत नाही. सकाळी साडेसहाला अमरावतीत हजर राहायचं तर आमच्या गावाहून पहिली एसटीसुद्धा उपयोगाची नाही. म्हणून आम्ही शनिवारीच अमरावतीला जाऊन एकीच्या भावजयीकडे दोन खोल्यांत १४ जणी झोपलो. त्या माउलीनं रात्री सगळ्यांना पिठलं-भाकर केली, तिचे उपकार वेगळे. रविवारी गाडी साडेसहाची सात वाजून दहा मिनिटांनी आली. आणि मग जी कुठंच थांबत नाही म्हणून सांगितली होती ती गाडी परतवाड्याच्या एसटी स्टँडसमोर चहासाठी पस्तीस मिनिटं उभी राहिली! आमच्या गावाकडून आलेली एसटी त्याच वेळी स्टँडमध्ये शिरली. शेजारच्या आवारातली पोरं खिडकीतून आम्हाला हात करत होती. आमच्या बाया हसून हसून बेजार झाल्या, मी मात्र वही काढली.

गाडी १७ सीटची, माणसं २०. वरच्या तिघांसाठी मधल्या वाटेत प्लास्टिकचे स्टूल. घाट लागल्यावर हे स्टूल प्रत्येक वळणाला सरकतात, हे तुम्हाला गाडी भरताना सुचलं नसेल का? आमच्यातल्या तरण्या पोरींनी आळीपाळीनं स्टूल घेतले, म्हाताऱ्या माणसांना सीटवर ठेवलं. पावसाळ्यातला रस्ता, समोर धुकं, त्यात सुट्टीची गर्दी. काही झालं असतं तर कोणत्या नियमात बसवलं असतं ते कळवावं.

धुक्याबद्दल मात्र माझी तक्रार नाही. देवी पॉइंटला हातभर अंतरावरचं दिसत नव्हतं, त्याला तुम्ही काय करणार. माहितीपत्रकावर वाघाचं चित्र आहे, वाघही दिसला नाही. मेळघाट १९७३ साली देशातल्या पहिल्या नऊ व्याघ्र प्रकल्पांत निवडला गेला हे आमच्या शाळेतली पोरंही सांगतात, पण डांबरी रस्त्यावरच्या गाडीतून वाघ दिसत नसतो एवढं शेतात राहणाऱ्या माणसाला कळतं. जेवणात ‘अस्सल वऱ्हाडी थाळी’ म्हणून मैद्याची रोटी आणि गोड पनीर आलं, तेही सोडून देते. वऱ्हाडी जेवण आम्हाला घरी रोज असतं.

तक्रार आहे ती गाईडची.

बावीस-तेवीस वर्षांचा मुलगा होता. स्वभावानं वाईट नव्हता, ताई-काकू करत होता. पण त्याला काही माहीत नव्हतं आणि माहीत नाही हे सांगायची त्याला मुभा नव्हती असं दिसलं. भीमकुंडाजवळ एकीनं विचारलं की भीमाचं काय? तो म्हणाला, भीम इथं आंघोळीला यायचा. अहो, कीचकाला मारून दरीत फेकला आणि मग भीमानं तिथं हात धुतले, कीचकाची दरी ती कीचकदरा आणि त्याचंच चिखलदरा झालं, ही गोष्ट आमच्या सासूबाईंना तोंडपाठ आहे. शेवटी त्यांनीच सगळ्यांना सांगितली, तुमच्या मुलालाही. त्यानं ती मोबाइलमध्ये रेकॉर्ड करून घेतली. पुढच्या सहलीत उपयोगी पडेल.

‘कॉफीचे मळे’ असं माहितीपत्रकात आहे. महाराष्ट्रात कॉफी पिकते ती चिखलदऱ्याला, इंग्रजांच्या काळापासून, हे ऐकून आमच्या बायांना फार नवल होतं. आम्ही कापूस, तूर, संत्रा, पानमळे पाहिलेले. कॉफीचं झाड कसं असतं, फळ कसं धरतं, सावलीत लावतात की उन्हात, हे पाहायचं होतं. तुमच्या गाईडनं एका हॉटेलात नेलं आणि पाकिटातली पावडर घातलेली कॉफी पाजली, ३० रुपये वेगळे. एकीनं विचारलं, ‘अरे बापा, झाड कुठं हाय?’ तो म्हणाला, काकू, झाड ऑफ सीझनला नसतं. झाड हो! झाड काय उन्हाळ्यात उपटून पावसाळ्यात आणून लावतात?

त्यानंतर मध आणि लाकडी वस्तूंच्या दुकानात ५० मिनिटं. ही वेळ मी दोनदा तपासली. पंचबोल पॉइंटला १२ मिनिटं आणि दुकानात ५०. त्या दुकानाशी तुमचं काय ठरलेलं आहे ते मला विचारायचं नाही, पण गाईड बिलाच्या काउंटरपाशी उभा राहून कोणी किती घेतलं ते लिहीत होता. हिशेब लिहिणाऱ्या माणसाला दुसऱ्याचा हिशेब लगेच ओळखू येतो.

पंचबोलचं थोडं सविस्तर लिहिते. तिथं आवाज दिला की दरीतून पाच वेळा परत येतो म्हणतात. आमच्यात एक सत्तरीच्या आजी आहेत. नवऱ्याचं नाव त्यांनी उखाण्याशिवाय कधी घेतलं नाही, आणि नवरा जाऊन आता अकरा वर्षं झाली. घरून निघतानाच त्यांनी जाहीर केलं होतं की तिथं जाऊन त्याचं नाव मोठ्यानं घेईन, पाच वेळा ऐकीन. सगळ्या जणी चेष्टा करत होत्या, पण वाटही पाहत होत्या. कठड्यापाशी आजींनी पदर नीट केला, दोन्ही हात तोंडाशी धरले, आणि तेवढ्यात तुमच्या गाईडनं बोलावलं म्हणून गाडीचा लांबलचक हॉर्न वाजला. दरीनं हॉर्न परत दिला. पाच वेळा नाही, मी दोनदाच मोजला. आजी हात खाली घेऊन म्हणाल्या, ‘जाऊ दे वं, त्यालेही घाईच असे.’ आणि गाडीत येऊन बसल्या. बारा मिनिटांची तेरा झाली असती तर तुमचं काय बिघडलं असतं?

आता गाविलगड. माहितीपत्रकात ‘ऐतिहासिक गाविलगड दर्शन, गाईडसह’ असं ठळक छापलंय. आम्ही ३ वाजून २० मिनिटांनी तिथं पोचलो. गाडी बाहेर उभी केली, गाईडनं लांबून बोट दाखवलं आणि म्हणाला, शिवाजी महाराजांनी बांधलेला किल्ला, इथून फोटो चांगला येतो, आत काही नाही, सगळं पडकं आहे. सासूबाई म्हणाल्या, ‘काही नाही, मंग आम्हाले आणलं कायले?’ अकरा मिनिटांत गाडी वळवली.

महाराजांचं नाव घेतलं की कोणी पुढं विचारत नाही, हा तुमचा हिशेब असेल. आम्ही विचारतो. हा किल्ला महाराजांनी बांधलेला नाही. बहमनी सुलतान अहमदशहा वली यानं १४२५ च्या सुमारास तो बांधला असं सांगतात, नंतर अचलपूरच्या इमादशाहीत फत्तेउल्लानं तो मजबूत केला. त्याआधी डोंगरावर गवळ्यांची वस्ती, म्हणून गाविलगड. शार्दूल दरवाज्यावर दगडात कोरलेला दोन तोंडांचा पक्षी, गंडभेरुंड, आहे. मी तो आमच्या शाळेच्या गुरुजींच्या मोबाइलवर पाहिला होता आणि तोच प्रत्यक्ष पाहायला आले होते. पुढं किल्ला नागपूरकर भोसल्यांकडे आला. २९ नोव्हेंबर १८०३ ला अडगावची लढाई झाली, तिथून इंग्रजांचा वेलस्ली गाविलगडावर आला आणि १५ डिसेंबरला किल्ला पडला. किल्लेदार बेनीसिंह लढताना मारला गेला. दोनच दिवसांनी भोसल्यांना देवगावला तह करावा लागला, आणि ३० डिसेंबरला शिंद्यांचा तह झाला तो सुर्जी-अंजनगावला. म्हणजे आमच्या तालुक्याच्या गावात. ज्या किल्ल्याच्या पडण्याशी आमच्या बाजाराच्या गावाचं नाव जोडलेलं आहे, त्याच्या दारातून आम्हाला ‘आत काही नाही’ म्हणून परत फिरवलं. बुरुज आहेत, तोफा आहेत, तलाव आहेत, दरवाजे आहेत. आणि पडकं पाहायला आम्हाला वावडं नाही. आमच्यापैकी कितीतरी जणींची घरं पडकीच आहेत.

परत येताना मी गाईडला शांतपणे विचारलं की आत का नेलं नाही. त्यानं खरं सांगितलं : चार वाजेपर्यंत घाट उतरायला लागा असं ऑफिसचं सांगणं आहे, आणि किल्ल्यात नेलं की दीड तास जातो. ठीक आहे. मग दुकानाची ५० मिनिटं, परतवाड्याच्या चहाची ३५ आणि सकाळच्या उशिराची ४० अशी बेरीज करा. १२५ मिनिटं होतात. दीड तासाला ९० लागतात. ३५ मिनिटं उरून आजींचं नावही घेऊन झालं असतं.

या सगळ्यात तुमच्या ड्रायव्हरदादांचं वेगळं लिहिणं मला भाग आहे. परतवाड्याकडचा माणूस. घाटात एकदाही ओव्हरटेक केलं नाही. कोरकू आदिवासींची गावं कुठं लागतात, त्यांची बोली मराठीहून अगदीच वेगळी कशी, गवळ्याकडचा खवा आणि रबडी कुठं घ्यावी, हे सगळं त्यांनी गाडी चालवता चालवता सांगितलं. माइक मात्र दुसऱ्याच्या हातात होता.

आमची मागणी मोठी नाही. गाडी मिळाली, जेवण मिळालं, त्याचे पैसे आम्ही मागत नाही. तुमच्याच पावतीवर ‘गाईड व स्थळदर्शन’ म्हणून माणशी ३०० रुपये वेगळे दाखवले आहेत. ते १४ जणींचे ४,२०० रुपये परत करावेत. कॉफीचे मळे दाखवायचे म्हणून जी कॉफी पाजली तिचे ४२० रुपये. एकूण ४,६२०. शनिवारच्या अमरावतीच्या फेरीचं अर्धं तिकीट मी धरलेलं नाही, ती भावजयीची भेट समजतो. रक्कम गटाच्या बँक खात्यात भरावी, खात्याचा तपशील सोबत आहे. रोख घेऊन कोणाला पाठवू नये आणि ‘पुढच्या सहलीत सूट’ असलं कूपन नको.

पत्र मिळाल्यापासून १५ दिवस वाट पाहीन. तुमच्या ऑफिसला तीनदा फोन केला, तिन्ही वेळा ‘साहेब साइटवर आहेत’ असं उत्तर मिळालं, म्हणून हे रजिस्टर पोस्टानं पाठवत आहे. नंतर १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर नोंद करीन आणि २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याखाली जिल्हा आयोगाकडे जाईन. आपण राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार देता येते आणि पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथं फी लागत नाही, एवढं मी विचारून घेतलं आहे. कपाशीचं निंदण तोवर उरकलेलं असेल.

आपली,
सचिव, महिला बचत गट
(गटाच्या १४ सभासदांच्या सह्या व अंगठे मागील पानावर)

सोबत : पावती, माहितीपत्रक, वहीच्या दोन पानांची झेरॉक्स, बँक खात्याचा तपशील.

ता. क. : मागच्या सीटखाली स्टीलचा तीन पुडांचा डबा राहिला आहे, झाकणावर आजींच्या मालकांचं नाव कोरलेलं आहे. ड्रायव्हरदादांना विचारावं. तो परतवाड्याच्या एसटी स्टँडवर ठेवला तरी चालेल, तुमची गाडी तिथं थांबतेच.