आजीची भूमिका

एडिसन, न्यू जर्सी

प्रिय चिऊ,

तुझं पत्र परवा मिळालं. दोनदा वाचलं आणि फ्रीजच्या दारावर लावून ठेवलं. येता-जाता त्यातल्या एकाच ओळीवर नजर अडकते : ‘राज्य नाट्य स्पर्धेच्या नाटकात बोलावलंय, पण आजीची भूमिका आहे. दोन प्रवेश आणि एक खोकला. नाही म्हणून कळवणार आहे.’ अजून कळवलं नसशील तर हे पत्र वाचून होईपर्यंत थांब. एवढं माझं ऐक.

सिसली टायसन या अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय नटीबद्दल मी तुला फोनवर तुकड्यातुकड्यांनी बोलले असेन, पण सगळं सलग कधी सांगितलं नाही. २०१३ च्या उन्हाळ्यात आम्ही न्यूयॉर्कला ‘द ट्रिप टू बाउंटिफुल’चा प्रयोग बघायला गेलो होतो, त्रेचाळिसाव्या रस्त्यावरच्या स्टीफन सॉन्डहाइम थिएटरात. हॉर्टन फूटचं जुनं नाटक. ह्यूस्टनमध्ये दोन खोल्यांच्या घरात मुलगा-सुनेबरोबर राहणारी कॅरी वॉट्स ही म्हातारी. सुनेला तिचं भजन गुणगुणणंही सहन होत नाही. म्हातारीला मरण्याआधी एकदा आपलं गाव, बाउंटिफुल, बघायचंय. पेन्शनचा चेक लपवून ती घरातून पळते आणि बस पकडते. गोष्ट एवढीच.

कॅरीचं काम करणारी सिसली तेव्हा अठ्ठ्याऐंशी वर्षांची होती. अंगाने चिमणीएवढी. पहिल्या प्रवेशात ती खिडकीपाशी खुर्चीत बसलेली असते, आणि मला वाटलं, हिचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत पोचणार तरी कसा? पुढे बसस्टँडच्या प्रवेशात ती शेजारच्या तरुण मुलीशी बोलता बोलता ‘ब्लेसेड अ‍ॅशुरन्स’ हे चर्चमधलं भजन म्हणू लागली. दुसऱ्या ओळीला माझ्या मागच्या रांगेतली एक बाई हळूच तिच्या सुरात मिसळली. मग आणखी एक, मग बाल्कनीतून कुणी. थोड्याच वेळात निम्मं थिएटर गात होतं. कुणी कुणाला गप्प केलं नाही. कीर्तनात बुवांनी अभंग उचलला की मागची मंडळी आपसूक धरतात ना, अगदी तसं. नंतर कळलं की हे रोजच्या प्रयोगाला व्हायचं. तिच्या वयाच्या, तिच्या रंगाच्या बायका रविवारच्या टोप्या घालून आलेल्या असायच्या आणि ते भजन त्यांचंच होतं.

त्या भूमिकेसाठी तिला टोनी मिळालं, ब्रॉडवेवरच्या, म्हणजे न्यूयॉर्कच्या मोठ्या रंगभूमीवरच्या नाटकांचं मानाचं बक्षीस. तिने सांगितलं होतं, की या नाटकावरचा सिनेमा तिने १९८५ मध्ये पाहिला. त्यात जेराल्डिन पेजने ही भूमिका केली होती आणि ऑस्कर मिळवलं होतं. थिएटरातून बाहेर पडून ती तडक आपल्या एजंटकडे गेली आणि म्हणाली, मला माझं बाउंटिफुल मिळवून दे, मग मी निवृत्त होते. वाट बघितली किती, तर जवळजवळ अठ्ठावीस वर्षं. ब्रॉडवेवर तिचं शेवटचं पाऊल पडूनच तीस वर्षं झाली होती. बक्षीस घेताना बोलायची वेळ संपली म्हणून समोरच्या पडद्यावर ‘आवरा’ अशी सूचना झळकली. ते इंग्रजी शब्द ‘गुंडाळा’ या अर्थाचेही आहेत. ती म्हणाली, तुम्हीही मला तेच केलंत, तीस वर्षांनी आपल्या मिठीत गुंडाळून घेतलंत. मी घरी टीव्हीसमोर उभी राहून रडले होते, म्हणून तर तिकिटं काढली.

आता तिच्या घराबद्दल सांगते. हे ऐकून तुला तुझे बाबा आठवतील.

आई-वडील कॅरिबियन समुद्रातल्या नेव्हिस बेटावरून आलेले. वडील सुतार आणि रंगारी, आई लोकांच्या घरी कामाला. सिसलीचा जन्म १९२४ च्या डिसेंबरचा, न्यूयॉर्कमधला; वाढली तिथल्याच हार्लेम भागात. तीन भावंडांत शेंडेफळ. आई-वडील वेगळे झाले. आई इतकी देवभोळी आणि कडक, की सिनेमा-नाटक हे तिच्या लेखी पापच. मुलगी रेड क्रॉसच्या ऑफिसात टायपिस्ट होती. देवाने मला जन्मभर टाइपरायटर बडवायला पाठवलेलं नाही, असं म्हणून एक दिवस तिने ती नोकरी सोडली. आधी मॉडेलिंग केलं, मग नाटकाकडे वळली. आईने सांगितलं, हेच करायचं असेल तर या घरात राहू नकोस. कित्येक दिवस मायलेकी एकमेकींशी बोलत नव्हत्या. पुढे आई तिचं काम बघायला आली, अबोला मिटला. तुझे बाबा शेवटपर्यंत आले नाहीत, हे मला माहीत आहे चिऊ. तालमीहून तुला घरी सोडायला आल्यावर फाटकाशी उभं राहून आपण दोघी दिवा विझण्याची वाट बघायचो, ते मी विसरलेले नाही.

१९६१ मध्ये न्यूयॉर्कच्या सेंट मार्क्स प्लेहाउसमध्ये ज्याँ जने या फ्रेंच नाटककाराचं ‘द ब्लॅक्स’ हे नाटक आलं. त्या संचात कोण कोण होतं बघ : जेम्स अर्ल जोन्स, माया अँजेलो, लुई गॉसेट, रॉस्को ली ब्राउन आणि ही. १४०८ प्रयोग झाले. एका पिढीच्या कृष्णवर्णीय नटांचं ते गुरुकुलच होतं म्हण.

मग १९६३ मध्ये टीव्हीवर ‘ईस्ट साइड/वेस्ट साइड’ मालिका आली, आणि त्यात ती आपल्या केसांनिशी आली. तुला वाटेल यात काय? त्या काळी पडद्यावर यायचं तर कृष्णवर्णीय बाईने केस तापलेल्या कंगव्याने सरळ करायचे नाहीतर विग चढवायचा, हा न लिहिलेला नियम होता. तिने आपले कुरळे, बारीक कापलेले केस तसेच ठेवले. बायका बघून बघून तसेच केस ठेवायला लागल्या, तेव्हा केशरचना करणाऱ्यांची पत्रं आली, की तुमच्यापायी आमचं गिऱ्हाईक तुटतंय. आपल्या केसांसारखी साधी गोष्ट जशी आहे तशी दाखवायला केवढी हिंमत लागली असेल!

आणि तिने काय काय केलं नाही, ते मला जास्त महत्त्वाचं वाटतं. सत्तरीच्या दशकात कृष्णवर्णीय नटांसाठी चित्रपटांची लाट आली होती, पण त्यात बायकांच्या वाट्याला यायच्या त्या वेश्या, नशेबाज, नाहीतर बंदूकवाल्याच्या मैत्रिणी. तिने अशा भूमिका घेतल्या नाहीत. कामावाचून बसून राहिली, पण घेतल्या नाहीत. १९७२ मध्ये ‘साउंडर’ आला : १९३३ चं लुइझियाना, दुसऱ्याच्या शेतात वाट्याने राबणारं कुटुंब, आणि ती त्या घरातली आई, रिबेका. नवरा तुरुंगातून परततोय हे लांबून ओळखून ती रस्त्यावरून धावत सुटते, तो प्रसंग मिळाला तर नक्की बघ. एक शब्द नाही. हात कुठे जातात, पाय कसे अडखळतात, नुसतं तेवढं बघ. ऑस्करसाठी नामांकन मिळालं, बक्षीस लायझा मिनेलीला गेलं.

पण तिच्या मनाला लागलं ते वेगळंच. चित्रपटाच्या प्रचारासाठी ती फिलाडेल्फियाला गेली असता एक गोरा पत्रकार तिला म्हणाला, की पडद्यावरचा तो काळा मुलगा बापाला ‘डॅडी’ म्हणतो, माझा मुलगाही मला हेच म्हणतो, आणि ते ऐकेपर्यंत माझ्या मनात असा दुजाभाव आहे हे मलाच ठाऊक नव्हतं. त्या दिवशी तिने ठरवलं, की आपलं काम हेच आपलं व्यासपीठ. ज्या बाईला पाहून समोरच्याला ती माणूस वाटणार नाही, ती भूमिका करायची नाही.

आता मूळ मुद्द्यावर येते. आजीची भूमिका.

१९७४ च्या जानेवारीत तिची ‘द ऑटोबायोग्राफी ऑफ मिस जेन पिटमन’ ही फिल्म टीव्हीवर आली. अर्नेस्ट गेन्स यांच्या कादंबरीवरची. गुलामगिरीत जन्मलेली मुलगी, नागरी हक्कांच्या चळवळीपर्यंत जगते. वय एकशे दहा. सिसली तेव्हा पन्नाशीच्या आतबाहेर. रिक बेकर आणि स्टॅन विन्स्टन यांची रंगभूषा, पुढे दोघेही त्या धंद्यातले दिग्गज झाले. पण रंगभूषेने सुरकुत्या येतात गं, म्हातारपण येत नाही. त्यासाठी ती वृद्धाश्रमांत जाऊन बसली, आजारी आणि थकलेली माणसं कशी उठतात-बसतात ते बघत राहिली. शेवटी जेन कचेरीसमोरच्या, फक्त गोऱ्यांसाठी असलेल्या नळापर्यंत काठी टेकत जाते, वाकते आणि पाणी पिते. आपल्या लोकांना महाडचं चवदार तळं वेगळं सांगायला नको. मी तो प्रसंग पहिल्यांदा बघितला तेव्हा मनात तेच आलं. त्या चालण्यात घाई नाही, आव नाही, एका म्हातारीला तहान लागली आहे आणि ती पाण्याकडे जाते आहे. त्यासाठी तिला दोन एमी, म्हणजे टीव्हीवरच्या कामाची मोठी बक्षिसं, मिळाली.

ऱ्होड आयलंडच्या सेंट्रल फॉल्स नावाच्या गावात गरिबीत वाढणाऱ्या एका मुलीने हे टीव्हीवर बघितलं आणि नटी व्हायचं ठरवलं. ती व्हायोला डेव्हिस. नंतर ‘हाउ टु गेट अवे विथ मर्डर’ या मालिकेत सिसली तिची आई झाली. एका भागात ती आपल्या मोठ्या, वकील झालेल्या लेकीला पायांशी बसवते, तिच्या केसांत कंगवा फिरवते, आणि विंचरता विंचरता दोघींच्या आयुष्यातलं जुनं दुखणं बाहेर येतं. वेणी घालताना आई जे बोलून जाते ते एरवी समोरासमोर बोलता येत नाही, हे तुला-मला सांगायला कुणी लागत नाही. ज्या बाईने आपले केस जसे आहेत तसे जगासमोर आणले, तिच्याच हातात पन्नासेक वर्षांनी तो कंगवा होता.

बाकीचं भरभर सांगते. जॅझवाल्या माइल्स डेव्हिसशी १९८१ मध्ये लग्न झालं, आठेक वर्षांतच मोडलं. १९७७ च्या ‘रूट्स’ या गुलामगिरीवरच्या टीव्ही मालिकेत ती नायकाची, कुंटा किंटेची, आई होती. २०१६ मध्ये ओबामांच्या हातून राष्ट्रपतींचं स्वातंत्र्यपदक, २०१८ मध्ये मानद ऑस्कर. इथे जवळच ईस्ट ऑरेंजला तिच्या नावाची कलाशाळा आहे, आणि तिने नुसतं नाव दिलं नाही, तिथे मुलांत जाऊन बसायची. मॅनेजरच्या सांगण्यावरून तिने कितीतरी वर्षं आपलं खरं वय लपवलं होतं. या धंद्याने बाईला केवढं घाबरवून ठेवलंय! पण तीच बाई वयाच्या नव्वदीत, २०१५ मध्ये, जेम्स अर्ल जोन्सबरोबर ‘द जिन गेम’ करत होती. अख्ख्या नाटकात दोनच पात्रं, वृद्धाश्रमातले दोन म्हातारे पत्ते खेळतायत. ‘द ब्लॅक्स’नंतर चोपन्न वर्षांनी तेच दोघं समोरासमोर.

२६ जानेवारी २०२१ ला तिचं आत्मचरित्र बाजारात आलं आणि २८ ला ती गेली. शहाण्णव वर्षं. मी त्या आठवड्यात पुस्तक मागवलं होतं. घरी आलं तेव्हा ती नव्हती.

चिऊ, तू एकसष्ट वर्षांची आहेस. सिसलीला बाउंटिफुल हवंसं वाटलं तेव्हा ती साधारण तुझ्याच वयाची होती. तुझ्या संहितेतल्या आजीच्या तोंडी चार वाक्यं असतील, कबूल. पण ती पहिल्या प्रवेशात येते तेव्हा कुठून येते? देवघरातून की मागच्या पडवीतून? खोकते ती छातीत कफ आहे म्हणून, की सुनेने आपल्याकडे बघावं म्हणून? दिग्दर्शक पोरगा आहे म्हणालीस ना, त्याला हे विचार. त्याला उत्तर देता आलं नाही तर तू दे. तुझी आजी शेवटच्या वर्षी ओसरीवर बसून पदराची गाठ सोडायची आणि पुन्हा बांधायची. आत काही नसायचं. ते मला अजून दिसतं, मग तुला किती दिसत असेल?

पुस्तक मी इथून येणाऱ्या एका ओळखीच्यांबरोबर पाठवते आहे, महिनाअखेर मिळेल. शनिवारी रात्री इथे जेवणं उरकली की तुझ्याकडे रविवारची सकाळ झालेली असेल, तेव्हा फोन करते. संहिता हाताशी ठेव आणि तुझे दोन्ही प्रवेश मला वाचून दाखव. सुनेची वाक्यं मी म्हणेन. आणि आजीचं नाव काय ठेवलंय लेखकाने? नसेल ठेवलं तर तोपर्यंत तू ठेवून टाक.

तुझीच,
मनू