कांजीसाठी मांगा जरूर, पण हाताशी पट्टी हवी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

जेएलपीटी या जपानी भाषेच्या परीक्षेच्या एन-३, म्हणजे मधल्या, पातळीची तयारी करणाऱ्या माझ्या मुलीला ‘मांगा’ या जपानी चित्रकथा वाचून भाषा बिघडते, अशी तंबी क्लासमध्ये मिळाली, म्हणून हे पत्र. मी स्वतः जपानीतून भाषांतरे करते, आणि मला कांजी, म्हणजे जपानी लेखनातली चिनी मुळाची अक्षरे, वहीत घोटून आली त्याहून अधिक या चित्रकथांतून आली.

जपानच्या जोयो, म्हणजे नित्य वापराच्या, यादीत २,१३६ कांजी आहेत. पण खरी दमछाक आकड्याने होत नाही, उच्चारांनी होते. जन्म, जगणे या अर्थांची एकच कांजी ‘सेन्सेई’त (शिक्षक) ‘सेई’ होते, ‘इकिरु’त (जगणे) ‘इ’, ‘उमारेरु’त (जन्मणे) ‘उ’, आणि खानावळीच्या फळ्यावर बिअरच्या आधी आली की ‘नामा’, म्हणजे ताजी. कार्डावर एकाखाली एक लिहून पाठ केलेले हे उच्चार आठवड्यात पुसले जातात. घामाघूम नायक बाकावर बसता बसता ‘नामा!’ म्हणून ओरडतो, तो मात्र लक्षात राहतो.

मुलांसाठीच्या मांगांत बहुधा प्रत्येक कांजीच्या उजवीकडे तिचा उच्चार बारीक काना लिपीत (आपल्या काना-मात्रेतला काना नव्हे) छापतात. त्याला फुरिगाना म्हणतात. मोडीच्या ओळीखाली बाळबोध ओळ द्यावी, तशी ही सोय. गोम अशी की डोळा तेवढेच बारीक अक्षर टिपून पुढे पळतो आणि दोनशे पाने संपली तरी कांजी परकीच राहते. यासाठी मी जुन्या पोस्टकार्डाची पट्टी वापरते. मांगातल्या जपानी ओळी उभ्या आणि उजवीकडून डावीकडे जातात, त्यामुळे ओळीच्या उजव्या अंगाला धरलेली पट्टी वाचून झालेला मजकूर आणि फुरिगाना दोन्ही झाकते. आधी कांजी स्वतः वाचायची, मग पट्टी उचलून ताडून पाहायचे.

शिक्षकांचे म्हणणे बोलीपुरते खरे आहे. ‘ओरे’ (मी), ‘ओमाए’ (तू) ही मांगातली रांगडी सर्वनामे नोकरीच्या मुलाखतीत तोंडून निघाली, तर समोरचा चमकेल. शिवाय काही लेखक कांजीत ‘अंतराळ’ असे लिहून शेजारी ‘सोरा’, म्हणजे आकाश, असा उच्चार देतात; नवख्याची अशा ठिकाणी फसगत होते. परंतु जेएलपीटीत कांजी हाताने लिहावी लागत नाही, ओळखावी लागते, आणि ओळख वाचनानेच वाढते. क्लासच्या कपाटात फुरिगाना असलेले चार-सहा मांगा ठेवावेत, आणि एन-२ या वरच्या पातळीच्या विद्यार्थ्यांना थोरांसाठीचे द्यावेत, कारण त्यांत हा आधार क्वचितच असतो.

आपली,
एक वाचक, पुणे