दुहेरी गाठ

तासगाव, रविवार सकाळ

प्रिय बाळा,
अनेक आशीर्वाद.

हे सगळं फोनवर बोलायचं ठरवलं होतं. पण फोनवर माझा आवाज कापरा झाला की तू लगेच "जेवलीस का" विचारून विषय बदलतोस. म्हणून लिहायला बसले.

गणपतीत आला होतास तेव्हा ओट्यापाशी उभा राहून तू विचारलंस, "आई, मला मावशीकडे सोडताना तुला काहीच वाटलं नव्हतं का गं?" मी कुकरची शिट्टी मोजत असल्यासारखं केलं आणि उत्तर दिलं नाही. तू रागावला नव्हतास. नुसतं विचारलंस, म्हणूनच ते जास्त लागलं. नंतर आठवडाभराने तू मोबाइलवर तो बास्केटबॉलचा सामना पाठवलास. वर एवढंच लिहिलेलं, "शेवटची पाच मिनिटं बघच." तू तो सहज पाठवलास की मुद्दाम, हे मी विचारणार नाही. पण मी शेवटची पाच मिनिटं नाही, अख्खा सामना पाहिला. दोनदा. मग त्या मुलांबद्दल जे मिळेल ते वाचून काढलं.

४ एप्रिल २०१६ची रात्र, अमेरिकेतलं ह्यूस्टन. आपल्याकडे तेव्हा ५ तारखेची सकाळ होती. मी बहुतेक परिपाठाला मुलींच्या रांगा लावत असेन. तिकडे कॉलेजांच्या बास्केटबॉलचा अंतिम सामना, एका बाजूला व्हिलानोव्हा, दुसऱ्या बाजूला नॉर्थ कॅरोलिना. फुटबॉलचं स्टेडियम, आत ७४ हजारांवर माणसं. कॉलेजच्या पोरांचा खेळ बघायला एवढी माणसं! आमच्या वेळी जिल्ह्याच्या फायनलला समोरच्या कॉलेजची बस आणि चहावाला, एवढेच प्रेक्षक असायचे. ६८ संघ, तीन आठवडे, आणि एकदा हरलात की घरी. शिवाय व्हिलानोव्हाने विजेतेपद पाहिलं होतं ते थेट १९८५ साली, म्हणजे या पोरांच्या जन्माच्याही आधी.

मध्यंतराला नॉर्थ कॅरोलिना ३९-३४ अशी पुढे होती. नंतर व्हिलानोव्हाने उलटवलं आणि साडेपाच मिनिटं उरली असताना त्यांच्याकडे दहा गुणांची आघाडी होती. इथे मी चहा ठेवायला उठले होते, खरं सांगते. दहा गुण म्हणजे सामना गेला असं वाटतं. पण तो मार्कस पेज! शेवटच्या वर्षाचा मुलगा, कॉलेजमधला त्याचा हा शेवटचाच सामना. बास्केटजवळ धावत जाऊन टाकलेला लेअप हुकला तर स्वतःच्याच हुकलेल्या बॉलवर झडप घालून तो पुन्हा टाकला त्याने. फरक एकाचा. मग व्हिलानोव्हाच्या जॉश हार्टने दोन्ही फ्री थ्रो शांतपणे घातले, ७४-७१. आणि त्यानंतर पेजचा तो थ्री-पॉइंटर. तो मी किती वेळा मागे नेऊन पाहिला असेल! उडी घेतली, समोरून बचावपटू अंगावर आला, तर हवेतच याने बॉल खाली घेतला, पाय फाकले, अंग वाकडं केलं आणि तशाच अवस्थेत टाकला. मी बावीस वर्षं मुलींना "पाय जुळव, कोपर सरळ ठेव" शिकवते आहे. त्या शॉटमध्ये यातलं काहीही नव्हतं आणि तो आत गेला. ७४-७४. घड्याळात ४.७ सेकंद.

पुढच्या टाइम-आउटमध्ये काय झालं ते तुझ्या लक्षात आलं का रे? सगळे प्रशिक्षकाकडे बघत होते. मला मात्र तो उंच डॅनियल ओचेफू जास्त आवडला. त्याने पोछा मागून घेतला आणि मैदानाच्या मधोमध, जिथे बचावपटूची वाट अडवून त्याला स्क्रीन लावायचा होता, तेवढा भाग स्वतःच्या हाताने पुसून काढला. साडेचार सेकंदांवर सगळं आलेलं, हजारो लोक ओरडताहेत, आणि हा पठ्ठ्या फरशी पुसतोय. आपला सोबती तिथून पळत जाणार आहे, त्याचा पाय घसरायला नको, म्हणून. हे मी सोमवारी शाळेत मुलींना सांगितलं. त्या हसल्या. हसू देत, पण लक्षात ठेवतील.

आता तो शेवटचा डाव. क्रिस जेनकिन्सने मागच्या रेषेबाहेरून बॉल आत टाकला, रायन आर्चिडियाकोनोकडे. सगळं मैदान आर्चिडियाकोनोवर डोळे लावून. तोही शेवटच्या वर्षाचा, संघाचा कणा. त्याने स्वतः शॉट मारला असता तर जगात कोणी एक शब्द बोललं नसतं. तो ड्रिबल करत पुढे गेला, ओचेफूच्या स्क्रीनवरून वळला, दोन बचावपटू त्याच्याकडे ओढले गेले. आणि मागून क्रिस येत होता. बॉल आत टाकणाऱ्याकडे कोणी बघत नाही, बाळा. मीच किती वर्षं कंठशोष करते आहे, "टाकलास की धाव, रेषेवर उभी राहू नकोस." तो धावला, आणि धावता धावता हाक मारत होता. आर्चिडियाकोनोने मागे हलकेच बॉल सोडला. क्रिसने तीन गुणांच्या रेषेच्या बऱ्याच मागून तो उचलून टाकला. बॉल हवेत असताना बझर वाजला, लाल दिवे लागले, आणि मग तो जाळीतून खाली आला. ७७-७४. बझरवरच्या तीन गुणांनी अंतिम सामना जिंकला जाण्याची ती पहिलीच वेळ. पंचांनी पुन्हा तपासून पाहिलं. काही चूक नव्हती.

व्हिलानोव्हाचे तेव्हाचे प्रशिक्षक जे राइट. आजूबाजूला सगळे वेडे झालेले, आणि त्यांचे ओठ फक्त "बँग" म्हणतात. मग ते समोरच्या प्रशिक्षकाशी हात मिळवायला निघतात. शिक्षक असा असावा असं मला फार वाटलं. मायकेल जॉर्डन प्रेक्षकांत बसला होता. १९८२ साली याच नॉर्थ कॅरोलिनाकडून शेवटच्या क्षणी बास्केट करून त्याने असाच अंतिम सामना जिंकून दिला होता. या वेळी तो हरणाऱ्या बाजूला होता.

तू इथवरच पाठवलं होतंस. पुढचं मी वाचलं.

क्रिसची आई फेलिशिया साउथ कॅरोलिनातली, स्वतः बास्केटबॉलची प्रशिक्षक. मुलात खेळ आहे हे तिला दिसत होतं, आणि आपल्याजवळ राहून त्याचं नीट होणार नाही हेही दिसत होतं. वॉशिंग्टनजवळ मेरीलँडमध्ये ब्रिट म्हणून कुटुंब. त्यांचा मुलगा नेट हा क्रिसचा मित्र, आणि नेटचे वडील मुलांच्या संघाला शिकवायचे. २००७ साली फेलिशियाने त्यांना विचारलं, माझ्या मुलाला तुमच्याकडे ठेवून घ्याल का? त्यांनी ठेवून घेतलं, कायद्याने पालकत्वही घेतलं. क्रिस तेव्हा तेरा वर्षांचा. तो आणि नेट भाऊ म्हणून वाढले.

आणि त्या रात्री ह्यूस्टनला नेट ब्रिट नॉर्थ कॅरोलिनाच्या संघात होता.

हे वाचलं तेव्हा मी मोबाइल पालथा घातला आणि मागच्या दारी जाऊन बसले. स्टेडियममध्ये ब्रिट नवरा-बायको होते, फेलिशियाही होती. बॉल हवेत असताना त्या घरातल्या बाईने कोणता देव आठवला असेल? एका मुलाचा बॉल आत जायला हवा आणि दुसऱ्याच्या डोळ्यांत पाणी यायला नको. आणि फेलिशिया! जिने स्वतःच्या हाताने पोर दुसऱ्या घरात दिलं, तिला त्या क्षणी नुसता आनंदच झाला असेल का? की नऊ वर्षांत न पाहिलेलं सगळं, त्याचे ताप, त्याचे वाढदिवस, लहान पडलेले बूट, एकदम डोळ्यांसमोर आलं असेल? मी तिला ओळखत नाही. पण तिच्या शेजारच्या खुर्चीवर मी बसले होते, असं वाटलं.

तुला पुण्याला सोडलं ते त्या सामन्याच्याच वर्षी, २०१६च्या जूनमध्ये. तू दहा वर्षांचा. इथे तुझ्या शाळेच्या मैदानावर कबड्डी आणि खो-खोचं मैदान आखलेलं, बास्केटची रिंग नाही, आणि तुझे बाबा दर तीन वर्षांनी बदलीवर. ताईच्या घरामागे कोर्ट होतं, शिकवणारे होते, आणि ताईचा मुलगा, तुझा दादा होता. सगळा हिशेब बरोबर होता. मी निघताना तुझ्या नव्या बुटांच्या नाड्या बांधल्या. हात थरथरत होते म्हणून दुहेरी गाठ मारली, घट्ट. स्वारगेटला एसटीत बसले आणि कात्रजचा घाट संपेपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिले. रात्री ताईचा फोन आला, "अगं, तो बूट काढूच देत नाहीये. बूट घालूनच झोपलाय."

वाटलं नव्हतं का, विचारतोस?

दुसऱ्या दिवशी मी बॅग भरली होती. ताई म्हणाली, "दोन महिने येऊ नकोस, तुला बघितलं की तो पुन्हा रडेल, रुळू दे." मी ऐकलं. ताईचं चुकलं असं म्हणणार नाही, तिने तुला पोटच्या पोरासारखं वाढवलं. चुकले मी. "टाकलास की धाव" असं रोज मैदानावर ओरडणारी मी, दोन महिने रेषेबाहेर उभी राहिले. तू ऑगस्टमध्ये मला पहिल्यांदा पाहिलंस तेव्हा धावत आला नाहीस. आधी दादाकडे पाहिलंस, मग माझ्याकडे. ते मी कोणाला सांगितलेलं नाही, तुझ्या बाबांनाही नाही. पाठवलं त्याचा पश्चात्ताप मला नाही, बाळा. त्या दोन महिन्यांचा आहे. आणि तो तुला माझ्या तोंडून कळायला हवा होता, इतकी वर्षं वाट बघायला नको होती.

पुढच्या वर्षी, २०१७ला, नॉर्थ कॅरोलिना पुन्हा अंतिम सामन्यात गेली आणि गोंझागाला ७१-६५ने हरवून जिंकली. नेट तेव्हा शेवटच्या वर्षाला होता. म्हणजे दोन वर्षांत त्या घरात दोन विजेतेपदं आली, एक या मुलाचं, एक त्या मुलाचं. मला केवढं बरं वाटलं म्हणून सांगू! पण मार्कस पेजची चुटपुट जात नाही. तो वर्षभर आधीच बाहेर पडला होता. एवढा शॉट मारूनही लोक आठवतात ते त्याच्यानंतरचे ४.७ सेकंद. त्याची आईही त्या स्टेडियममध्ये असेल, तर तिला तरी तोच शॉट आठवत असेल.

तुझ्या आंतरमहाविद्यालयीन सामन्यांच्या तारखा कळव. शनिवार असो की सोमवार, मी रजा टाकते आहे. शेंगदाण्याचे लाडू आणते, दादासाठीही वेगळा डबा. गुडघ्याला पट्टी बांधूनच खेळ, आळस करू नकोस.

अजून एक. काल दादाचा फोन आला होता. बोलता बोलता मी त्याला विचारलं, त्या पहिल्या रात्री बूट शेवटी काढले कोणी? तो म्हणाला, "मीच गं मावशी. पहाटे उठलो तर त्याचे पाय सुजल्यासारखे वाटले. तो झोपेतच होता. तुझी गाठ काही सुटेना, मग दातांनी सोडवली."

तुझी,
आई