आईच्या नावाचे विमान

हिरोशिमा दिनानिमित्तचा लेख वाचला. त्यात एका गाण्याची आठवण हवी होती. इंग्लंडच्या ‘ऑर्केस्ट्रल मॅनूव्हर्स इन द डार्क’ या सिंथेसायझरवाल्या बँडने १९८० मध्ये ‘एनोला गे’ हे गाणे काढले. ६ ऑगस्ट १९४५ रोजी अणुबॉम्ब टाकणाऱ्या विमानाचे हे नाव; वैमानिक पॉल टिबेट्सने ते चक्क आपल्या आईवरून ठेवले होते. बॉम्बचे नाव ‘लिटल बॉय’! या बाळाचा आज आईला अभिमान वाटतो का, असे गायक अँडी मॅक्लस्की विचारतो. चाल मात्र पाय थिरकवणारी. ब्रिटनमध्ये गाणे आठव्या क्रमांकापर्यंत गेले. ठेका धरलेला असतानाच बॉम्ब टाकल्याची सव्वाआठची ती वेळ कानी पडते आणि माझ्या अंगावर दरवेळी काटा येतो. इतिहासाच्या तासाला मुलांना हे गाणे जरूर ऐकवावे.

– एक वाचक, पुणे