ओमू, तुझं लायसन्स डेलावेअर नदीपर्यंतच

ओमू,

रविवारी फोनवर तू अगदी सहज बोलून गेलास, गणपतीला येतोय आणि "आई, हल्ली मी पिस्तूल कॅरी करतो, लायसन्स आहे, टेन्शन घेऊ नकोस". बाबा मागे मॅच बघत होते म्हणून मी पुढे काही बोलले नाही, उकडीचे करू का तळणीचे एवढंच विचारलं आणि फोन ठेवला. पण त्या रात्री डोळ्याला डोळा लागला नाही. म्हणून आता लिहितेय, लांबलचक होणार आहे, शिफ्ट संपल्यावर घरी जाऊन वाच, काउंटरवर उभ्याउभ्या नको.

पिस्तूल का घेतलंस यावरून मी भांडणार नाहीये. दुकानात तो माणूस काउंटरवरून उडी मारून आत आला, तुझ्यावर बंदूक रोखून ऑक्सिकोडोन या पेनकिलरच्या बाटल्या घेऊन गेला आणि तू हे मला तीन आठवड्यांनी सांगितलंस, त्याचा राग अजून आहे पण तो वेगळा. मला पिस्तूल आवडलंय असं मुळीच नाही. पण तू २७ वर्षांचा आहेस, शिकून घेतलंस, शेरीफच्या ऑफिसात जाऊन २० डॉलर भरून पाच वर्षांचं लायसन्स काढलंस, चोरून काही केलं नाहीस. माझं म्हणणं फक्त रस्त्याबद्दल आहे. ते लायसन्स पेनसिल्व्हेनियाचं आहे. आय-७८ वर ईस्टन मागे टाकून डेलावेअर नदीचा पूल ओलांडून न्यूजर्सीत शिरलास की तुझ्या पाकिटात त्याची किंमत जुन्या लायब्ररी कार्डाइतकी.

तू म्हणशील ड्रायव्हिंग लायसन्स कसं सगळीकडे चालतं, तसंच हे. नाही रे राजा. हे लग्नाच्या आमंत्रणासारखं आहे, ज्याच्या घरचं त्यानेच बोलवायला हवं. ओहायो मानतं, वेस्ट व्हर्जिनियात तर २१ च्या पुढच्यांना लायसन्सच लागत नाही. न्यूजर्सी आणि न्यूयॉर्क बाहेरच्या कुठल्याही राज्याचं मानत नाहीत, मेरीलँडपण नाही. सगळीकडे चालेल असा कायदा २०१७ च्या डिसेंबरमध्ये हाऊसने पास केला होता, पुढे सेनेटमध्ये काही झालं नाही. आणि कोण कोणाचं मानतं हेही बदलतं, व्हर्जिनियाने २०१५ च्या शेवटी २५ राज्यांचं मानणं बंद करतो म्हणून जाहीर केलं आणि दोन महिन्यांत माघार घेऊन सगळ्यांचं मानायचं ठरवलं. त्यामुळे मित्राने मागच्या वर्षी काय केलं ते मला सांगू नकोस, निघायच्या आदल्या दिवशी त्या त्या राज्याच्या पोलिसांच्या नाहीतर अॅटर्नी जनरलच्या साइटवर स्वतः बघायचं.

आपल्याकडेही हे नवीन नाही. अण्णांची बारा बोअरची होती ना, तुला फोटोत दाखवलीय ती, तिचं लायसन्स महाराष्ट्रापुरतं होतं. निपाणीला मावशीकडे लग्नाला जायचं तर कागलच्या पुढे कर्नाटक, म्हणजे बंदूक कोल्हापुरात घरीच राहायची. लग्नात बार काढायला आणा म्हणून पाहुणे मागे लागायचे तर अण्णा म्हणायचे, "बंदूक माझी आहे, हद्द सरकारची आहे." निवडणूक आली की पोलीस स्टेशनात जमा करून पावती घेऊन यायचे, कुरकुर करायचे पण करायचे.

आता न्यूजर्सीचं ऐक, कारण तू आमच्याकडे एडिसनला येणार आहेस. इथे परमिटशिवाय हँडगन जवळ असणं हा सेकंड डिग्री गुन्हा आहे, पाच ते दहा वर्षं, आणि त्यात साडेतीन वर्षं तरी परोल नाही. २०१३ ला फिलाडेल्फियाची एक बाई, दोन मुलांची एकटी आई, तुझ्यासारखंच पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स, अटलांटिक सिटीच्या बाजूला पोलिसांनी गाडी थांबवली तर तिने आपणहून सांगितलं की माझ्याकडे पिस्तूल आहे आणि हे लायसन्स. तिला खरंच वाटलं की चालतं. अटक झाली, साडेतीन वर्षं डोक्यावर लटकली. खूप गाजलं तेव्हा कुठे तिला तुरुंग चुकवणाऱ्या प्रोग्रॅममध्ये घेतलं आणि २०१५ ला गव्हर्नर क्रिस्टींनी माफी दिली. सगळं गोड झालं असं तुला वाटेल.

तर इथे मी आई म्हणून कमी आणि बारा वर्षं इमिग्रेशन वकिलाच्या ऑफिसात फायली लावणारी बाई म्हणून जास्त बोलतेय. ती बाई सिटिझन होती. तू ग्रीन कार्डवर आहेस. बंदुकीच्या गुन्ह्यात कन्व्हिक्शन झालं, म्हणजे गुन्हा शाबीत झाला, तर डिपोर्टेशनचं स्वतंत्र कलम आहे, आणि इमिग्रेशनवाले कन्व्हिक्शन कशाला म्हणतात ते राज्यापेक्षा वेगळं असतं, राज्याने नंतर केस पुसली तरी यांच्याकडे ती राहू शकते. गव्हर्नरची माफीसुद्धा या बंदुकीच्या कलमाला लागू पडत नाही, दुसऱ्या काही गुन्ह्यांना पडते, याला नाही. तुला एकवीस पूर्ण व्हायला चार महिने राहिले होते तेव्हा ते कार्ड आलं, आठवतंय ना, बाबा रोज संध्याकाळी मेलबॉक्सपाशी जाऊन उभे राहायचे. एच-४ वर, म्हणजे आईबापांच्या व्हिसाच्या आधारावर आलेलं पोर एकविसाव्या वाढदिवसाला लाइनच्या बाहेर फेकलं जाईल म्हणून आम्ही दोघं काय काय नवस बोललो होतो ते तुला माहीत नाही. आणि तू वर्षाहून जास्त काळ एलिजिबल असून एन-४००, म्हणजे सिटिझनशिपचा अर्ज, भरलेला नाहीस. त्यात प्रश्न आहे, कधी अटक झाली होती का. केस टिकली नाही, सोडून दिलं, तरी उत्तर "हो"च लिहावं लागतं.

तुझा तो शूटिंग रेंजवरचा मित्र म्हणतो ना की २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टाने सगळं ओपन केलं. ते ब्रुएनचं जजमेंट. कोर्टाने एवढंच म्हटलं की परमिट द्यायला राज्याने "तुलाच का हवं, खास कारण दे" असं अडवायचं नाही. दुसऱ्या राज्याचं लायसन्स मानायलाच पाहिजे असं त्यात कुठे आलेलं नाही. फार तर तू न्यूजर्सीच्या परमिटला वेगळा अर्ज करू शकतोस, बाहेरच्यालाही करता येतो. पण गणपतीपर्यंत काही ते होत नाही.

"मग डिकीत कुलपात ठेवून आणतो", हे तू म्हणणार, मला पाठ आहे. तो १९८६ चा फेडरल कायदा मी वाचलाय. तो आरपार जाणाऱ्यासाठी आहे. जिथून निघालास तिथे आणि जिथे पोचायचंय तिथे, दोन्हीकडे तुला बंदूक बाळगायची आणि कॅरी करायची मुभा असेल तर मधल्या राज्यातून रिकामी आणि कुलूपबंद नेता येते. आमचं घर मधलं राज्य नाही, तुझा मुक्कामच इथे आहे. त्यामुळे एडिसनला येताना ती पिट्सबर्गलाच राहणार, यात वाद नको.

आणि तिथेही एक गोम आहे. तुझा रूममेट रोहन एफ-१ वर आहे. स्टुडंट व्हिसा काय, एच-१ बी काय, अशा व्हिसावर आलेल्या माणसाने बंदूक बाळगणं हाच फेडरल गुन्हा, शिकारीचं लायसन्स वगैरे थोडे अपवाद सोडून. तेव्हा "रोहन आहे घरी, बघेल तो" असं नाही चालणार. सेफ तुझ्या खोलीत आणि नंबर फक्त तुला माहीत. त्या पोराचं करिअर आपल्या निष्काळजीपणात जायला नको, त्याची आई मला ओळखते.

आता अॅशबर्नला सोनलताईकडे जायचं म्हणतोस त्याचं. तिथे तो १९८६ चा कायदा उपयोगी पडतो, कारण पेनसिल्व्हेनिया ते व्हर्जिनिया, मध्ये तासाभराचं मेरीलँड. टर्नपाइकवरून ब्रीझवूडला बाहेर पडलास की तिथल्या पेट्रोल पंपांच्या गर्दीत नाही, जरा बाजूला गाडी लावून तिथेच पिस्तूल रिकामं करून कुलपात ठेवायचं, मेरीलँडमधलं हॅनकॉक यायच्या आधी. तुझी सीआर-व्ही आहे, तिला वेगळी डिकी नाही, मागचं सगळं आतच उघडं. अशा गाडीला कायदा म्हणतो कुलूपवाला डबा हवा, आणि ग्लोव्ह बॉक्स किंवा मधला कन्सोल डबा म्हणून धरत नाहीत, त्याला कुलूप असलं तरी. गोळ्याही हाताशी नकोत.

रिकामी म्हणजे काय हे मी तुझ्याकडूनच शिकले. मे महिन्यात आलो होतो तेव्हा मी गोधडी काढायला कपाट उघडलं आणि ती काळी पेटी दिसली, मग तू मला पलंगावर बसवून दाखवलीस. गोळ्यांचं मॅगझीन खाली काढून बाजूला ठेवलंस. मला वाटलं झाली रिकामी. मग तू वरचा भाग मागे खेचलास आणि अजून एक गोळी टुणकन उडून गोधडीवर पडली, आजीच्या त्या निळ्या नऊवारीच्या तुकड्यावर. पितळी, करंगळीच्या पेरापेक्षा थोडी मोठी, टोकाला खळगा. मी उचलली तर गारगार होती. तू हसलास, मला मात्र पोटात खड्डा पडला, कारण मी असते तर मॅगझीन काढून रिकामी म्हणून खुशाल डब्यात घातली असती. तेव्हा ब्रीझवूडला दोन्ही, आणि बोट घालून बघ, नुसतं डोळ्यांनी नाही.

त्या खळग्यावरून आठवलं. तसल्या टोकाला पोकळ गोळ्या न्यूजर्सीत जवळ बाळगणं, घर-रेंज असे ठरावीक अपवाद सोडले तर, वेगळा गुन्हा. आणि तुझं मॅगझीन १५ गोळ्यांचं आहे, इथे २०१८ च्या कायद्याने १० च्या वर नाही. म्हणजे पिस्तूल घरी ठेवलं आणि नुसतं मॅगझीन बॅगेच्या कप्प्यात राहिलं तरी झालाच घोटाळा.

मेरीलँडमध्ये पेट्रोल भर, बाथरूमला जा, पण फ्रेडरिकला काकूंकडे जेवायला आणि मग "उशीर झाला, राहा" असं करू नकोस. थांबण्यावरून कोर्टं फार काटेकोर आहेत. आपल्या नेवार्क एअरपोर्टवरचीच केस, २००५ ची. यूटाचा माणूस, सॉल्ट लेक सिटीहून अॅलनटाउनला चालला होता, बॅगेत रीतसर डिक्लेअर केलेलं, कुलूपबंद, रिकामं पिस्तूल. नेवार्कचं पुढचं विमान चुकलं, एअरलाइनने बसमध्ये बसवलं तर त्यात सामान नाही, तो सामान शोधायला उतरला, बस गेली. सामान मिळालं, रात्र एअरपोर्टच्या हॉटेलात काढली. सकाळी काउंटरवर परत प्रामाणिकपणे सांगितलं, पिस्तूल आहे. तिथेच अटक, काही दिवस जेलमध्ये. केस नंतर काढून टाकली, पण त्याने उलटा दावा केला तो २०१० मध्ये फेडरल अपील कोर्टात हरला. का, तर हॉटेलात रात्रभर बॅग त्याच्या हातात होती, म्हणजे पिस्तूल हाताशी आलं. चूक विमानाची, आणि भोगलं त्याने! मी हे वाचलं तेव्हा ऑफिसात एकटीच मोठ्याने "अरे पण" म्हणाले.

म्हणून डिसेंबरला विमानाने येशील तेव्हा तर विषयच नको. आणि लॅपटॉपची बॅग रिकामी करून भर. २०२३ मध्ये टीएसएला, म्हणजे विमानतळावर तपासणी करणाऱ्यांना, देशभरात चेकपॉइंटवर ६,७३७ बंदुका सापडल्या, बहुतेक सगळ्या लोडेड, आणि पकडलेले किती जण म्हणतात की बॅगेत आहे हे विसरलोच होतो.

पोस्ट ऑफिसातही न्यायची नाही हं, लायसन्स असलं तरी, त्यांच्या पार्किंगमध्येसुद्धा नाही. तू आजीची पार्सलं आणायला तिथेच जातोस म्हणून सांगतेय.

पोलिसाने गाडी थांबवली तर हात स्टिअरिंगवर, आतला लाइट लाव, विचारलं तर खोटं बोलायचं नाही. सांगायलाच हवं का हेही राज्याराज्यात वेगळं आहे, मिशिगनला लगेच सांगावं लागतं, ओहायोत २०२२ पासून विचारलं तर. आणि बाबांची सवय तुला लागलीय, कोणी समोर आलं की पटकन मागच्या खिशाकडे हात जातो पाकीट काढायला. ते आधी बंद कर. कागद डॅशवर काढून ठेव.

बाबांना मी सांगितलेलं नाही. तूच सांग, पण आरतीच्या आधी नको, जेवण झाल्यावर.

गुरुवारी रात्री निघू नकोस, शुक्रवारी सकाळी नीघ. येताना फोटोसकट पासपोर्ट आणि ग्रीन कार्डच्या दोन्ही बाजूंच्या कॉपी आण, एन-४०० शनिवारी इथे टेबलावर बसून भरू, मी सोडणार नाही. ओक ट्री रोडवरून काही हवं असेल तर आधी सांग, ऐनवेळी गर्दीत मी जाणार नाही. आणि रेंजवर नेतोस ती काळी सॅक आणू नकोस, धुवायचे कपडे दुसऱ्या कशात तरी भर, कचऱ्याच्या पिशवीत भरलेस तरी चालेल. सीटच्या खालून एकदा व्हॅक्यूम फिरव. मे महिन्यात रेंजवरून आल्यावर तू एक गोळी कमी आहे म्हणून शोधत होतास, ती सापडली का हे तू मला शेवटपर्यंत सांगितलं नाहीस.

आई